फुटकी लादी

याकूबचाचा सोलकर जहाजावर एकतीस वर्षं होते,
इंजिनखोलीत. म्हणजे समुद्र त्यांनी फार कमी पाहिला,
असं तेच सांगायचे.
कोबेच्या बंदरात एकदा क्रेन बिघडली, आठ दिवस,
तेव्हा मात्र वर आले
आणि कुठल्याशा देवळाच्या आवारात
जांभळ्या झुंबरांखाली जाऊन उभे राहिले,
तोंडाला वंगण तसंच.

येताना खिशातून एक शेंग आणली,
मांजराच्या कानासारखी लवदार.
आत चार बिया, चवलीएवढ्या.
शेळीच्या तोंडी लागू देऊ नका, विषारी आहेत,
एवढंच साऱ्या नाट्यात सांगून
त्यांनी परसात, जांभ्यात, पहारीनं खड्डा घेतला.

एक रुजली.

आधाराला वडिलांच्या मचव्याची डोलकाठी रोवली.
मचवा कधीच फुटला होता,
काठी पडवीत आडवी पडून होती, तिला काम मिळालं.
मी तेव्हा लहान. वेल चढत होती त्याच्या उलट बाजूनं
एकदा गुंडाळली आणि सुतळीनं बांधून टाकली.
सकाळी सुतळी जागच्या जागी, वेल सुटलेली,
शेंडा पुन्हा आपल्या वाटेला.
चाचा म्हणाले, "इंजिन उलटं फिरवता येतं. ही नाही फिरत."

माणसाएवढी झाली की शेंडा खुडायचा.
बुंध्यावर काही फुटू द्यायचं नाही,
वर तेवढी छत्री.
वेलीचं झाड करायचं म्हणजे
वर्षातून दोनदा तिला नाही म्हणायचं.
आषाढात ती वाव वाव सुटायची,
कौलं उचलायची, वाळत टाकलेल्या जाळ्यात शिरायची,
आणि चाचा कोयती घेऊन शिडीवर.

फूल नाही.

सहा वर्षं. दहा.
झुलेखाचाची तिच्या सावलीत सोडे निवडत बसायची.
कुणी विचारलं, कसलं हो झाड, तर म्हणायची,
"पानाचं."

बाराव्या वर्षी मी बर्फाच्या कारखान्यात लागलो.
पौषात एका संध्याकाळी चाचा दाराशी.
"फुटकी लादी असेल तर दे.
झोपल्याशिवाय ती फुलायची नाही,
आणि इथे तिला कोण झोपू देतंय?"
आमची थंडी ती केवढी,
पहाटे चादर ओढावी, आठ वाजता फेकावी.

मग रोज. मासळीचा चुरा वेगळा, चाचांचा वेगळा.
गोणपाटात बांधून सायकलवर,
आणि माझ्यामागे यशवंतगडाच्या तटापासून
त्यांच्या बेड्यापर्यंत एक ओली रेघ.
बुंध्याशी पेंढा, त्यावर बर्फ, वर पुन्हा पेंढा,
सुरमई निजवावी तशी निजवायचो.
जेटीवरचे तांडेल हसले. मॅनेजर हसले नाहीत,
त्यांनी हिशेबात एक रकाना वाढवला: घट.

सोळाव्या फाल्गुनात एक घोस आला.
एकच. अंगठ्याएवढा, तोही आतल्या अंगाला,
बघायला चाचीला स्टुलावर चढावं लागलं.
ती बराच वेळ बघत राहिली. मग म्हणाली,
"अहो, हे तर पावट्याचं फूल!"
चाचा इतके हसले की मला शिडी धरावी लागली.
मग नाक नेलं जवळ. म्हणाले, "तोच. तोच वास."
मला अमोनियापुढे कसलाच वास येत नाही.
हो म्हणालो.
तिसऱ्या दिवशी सगळं जमिनीवर.

चाचांना जाऊन पाच पावसाळे झाले.
परवा मेमध्ये बुंध्याच्या पिळात बोट घातलं
तर डोलकाठी नव्हतीच, नुसता भुगा,
भुग्यात गंजका खिळा.
उकरून काढलं सगळं. झाड हललं नाही.
पिळाच्या मधून आता
खाडीचा एक उभा तुकडा दिसतो.

फूल पुन्हा आलं नाही.
पौष लागला की माझ्या हातून एखादी लादी फुटते,
झुलेखाचाची बेडं उघडं ठेवते.
मॅनेजर नवे आहेत. वही पुढे करून विचारतात,
ही रोजची घट कसली?
मी सांगतो,
वाटेत वितळतं, साहेब.